कोचामागून अकरा मिनिटं

आमच्या बँकॉकला टीव्ही येऊन तीन वर्षं झाली, पण टीव्हीवरचे नट स्वतःचं काहीच बोलत नाहीत हे अजून पुष्कळ जणांना ठाऊक नाही. माझ्या वर्गातल्या मुलींना तर मी शपथेवर सांगितलं तरी पटत नाही. त्यांना वाटतं, नायक सुरापोन नायिका रात्चनीच्या डोळ्यांत बघून जे काही म्हणतो ते त्याच्या काळजातून येतं. ते येतं कोचामागून. तिथे माझी प्रानॉम मावशी मांडी घालून बसलेली असते, हातात नाटकाची कार्बन कॉपी, आणि ती जे कुजबुजते तेच तो म्हणतो.

नट पाठांतर करत नाहीत. करणार तरी कधी? दर रविवारी नवं नाटक, तेही थेट, एकदा सुरू झालं की थांबवायची सोय नाही. आणि आठवडाभर हे लोक कुठे असतात? कोणी सिनेमाच्या थिएटरात बसून परक्या चित्रपटांना आवाज देतो, कोणी रेडिओवर, कोणी जत्रेतल्या मांडवात. रविवारी संध्याकाळी येतात, तोंडाला रंग लावून घेतात, कपडे चढवतात आणि मावशीला विचारतात, "प्रानॉम, आज मी कोण?" मावशी सांगते, "आज तू डॉक्टर. बायको वारलीय." "बरं," म्हणून ते उभे राहतात आणि सहा वाजून तीस मिनिटांनी सगळं शहर त्यांच्यासाठी रडायला बसतं.

तर या मावशीचा आवाज एका शुक्रवारी गेला. घोगरा वगैरे नाही, पार गेला. तोंड उघडलं की नुसती हवा. ती गरम पाणी प्यायली, तिने आलं चघळलं, माझ्या आईने गळ्याला कसलासा काळा लेप लावला, काही उपयोग नाही. शनिवारी सकाळी तिने माझ्या शाळेच्या वहीच्या मागच्या पानावर लिहिलं, "मास्तरांकडे चल. तू वाच."

मी तीन जिने एका दमात उतरले. मला वाटतं चप्पलही घातली नव्हती.

सांगुआन मास्तर म्हणजे आमच्या टीव्ही स्टेशनवरच्या रविवारच्या नाटकांचे दिग्दर्शक. लेखक, सुतार आणि वेळ पडली तर शिंपीही तेच. सुकलेल्या भोपळ्याच्या वेलासारखा माणूस, खांद्यावर टॉवेल, आणि दर दोन वाक्यांनी कापराची कुपी नाकाला लावायची सवय. त्यांनी मला वरपासून खालपर्यंत पाहिलं. शाळेच्या नियमाप्रमाणे कानाच्या पाळीपर्यंत कापलेले माझे केस पाहिले, निळा स्कर्ट पाहिला.

"वय?"

"सोळा."

मावशीने मागून दहा बोटं दाखवली, मग चार.

"पंधरावं लागलंय," मी म्हटलं.

"नाव?"

"जियाप." आमच्याकडे पिल्लाच्या चिवचिवाटाला हेच म्हणतात.

"कोंबडीच्या पिल्लासारखं चिवचिवणारी मुलगी मला कुजबुजायला आणून दिलीस होय," मास्तर मावशीला म्हणाले. मावशीने हात जोडले.

मग परीक्षा झाली. मी स्टुडिओच्या एका टोकाला, कोचामागे. मास्तर बारा पावलांवर, माझ्याकडे पाठ करून. आमच्या मध्ये, लांब काठीला बांधलेला माइक, आणि त्याचा आवाज ऐकायला कानाला यंत्र लावून तावीदादा. तावीदादा म्हणजे नाटक चालू असताना वरच्या काचेच्या खोलीतले मास्तरांचे हुकूम खाली पोचवणारा माणूस. माझा आवाज मास्तरांपर्यंत जायला हवा आणि माइकपर्यंत जायला नको. मावशी म्हणते, शब्द जमिनीवरून सरपटत जायला हवा. मी पानभर वाचलं. मास्तर भिंतीला तोंड करून एकेक वाक्य म्हणत गेले, एकही चुकलं नाही.

"तावी, तुला?"

"मला नुसता पंखा ऐकू आला, मास्तर."

मास्तर वळले. "हे कोणी शिकवलं तुला?"

"गणिताच्या बाईंनी. त्या फळ्याकडे वळल्या की."

ते हसले नाहीत, पण त्यांनी कुपी नाकाला लावायची विसरून हातातच धरली. मग त्यांनी सांगितलं, आणि मी ते शब्दशः लिहिते, कारण त्या क्षणापासून मला दुसरं काही सुचत नव्हतं. "उद्याचा रविवार निभाव. नीट झालं तर एक रविवार मावशी, एक रविवार तू. आणि कागदावर नाही असं एक अक्षर जरी तुझ्या तोंडून गेलं तर परत या दारात दिसायचं नाही. नट म्हणजे नळ असतो. तू सोडशील तेच बाहेर येतं."

एक रविवार आड मी. मी घरी येईपर्यंत पुढच्या वर्षाचे सगळे रविवार मोजून टाकले होते.

*

रविवारी पाच वाजता आम्ही स्टुडिओत होतो. बर्फाच्या चार लाद्या आणून पंख्यांसमोर ठेवल्या होत्या, तरी दिवे लागल्यावर आत भट्टी झाली. मावशी गळ्याला फडकं बांधून कॅमेऱ्याशेजारी उभी. तिला खुर्ची दिली तरी ती बसेना.

नाटक असं होतं: पाच वर्षं परदेशात शिकून आलेला मुलगा, त्याची वाट बघत थांबलेली शेजारची मुलगी. दोघं दिवाणखान्यात बोलतात, जुन्या गोष्टी काढतात, आता लग्न होणार असं सगळ्यांना वाटतं. सतराव्या मिनिटाला मुलाचे वडील येतात आणि खिशातलं पत्र काढून दाखवतात. त्यांनी मुलाचं लग्न परस्पर दुसरीकडे ठरवून टाकलेलं असतं. मग उरलेलं अर्धं नाटक त्या पत्रावर.

सुरापोनदादा साडेपाचला आला. "जियाप, आज मी कोण?"

"परदेशातून आलेला."

"कुठल्या देशातून?"

मी कागद चाळला. "लिहिलेलं नाही."

"मग मिशी लावतो," तो म्हणाला, जणू सगळ्या देशांचं त्याने उत्तर शोधलं होतं.

रात्चनीताई आली, मावशीच्या गळ्याला हात लावून हळहळली, मला म्हणाली, "मला थोडं आधी सांगत जा हं, मी रडायला वेळ लावते." वडिलांचं काम करणारे बुन्चू काका अजून यायचे होते. ते नदीपलीकडे राहतात, मोठ्या जहाजांसाठी मधून उघडणाऱ्या पुलावरून येतात आणि नेहमी आपल्या प्रवेशाच्या पाच मिनिटं आधी उगवतात. कोणीच काळजी केली नाही.

साडेसहा. तावीदादाने हात खाली केला. कॅमेऱ्यावरचा दिवा लागला.

अहाहा, काय सांगू. मी कोचामागे पोटावर पडलेली, समोर दोघांचे फक्त पाय दिसतायत आणि मान वर केली तर हनुवट्या. मी म्हणते, "पाच वर्षांत अंगणातला आंबा केवढा वाढला," आणि पाव सेकंदाने वरून सुरापोनदादाचा तो जाडजूड मधाळ आवाज येतो, "पाच वर्षांत अंगणातला आंबा केवढा वाढला." त्याचं वाक्य संपायच्या आत मला रात्चनीताईचं वाक्य तिच्या पायांकडे सोडायचं. तिकडून ते येतं. मग परत इकडे. दोन पतंग एकाच वेळी उडवल्यासारखं. दहा मिनिटं झाली तेव्हा माझ्या अंगातून घाम निथळत होता आणि मला वाटत होतं की मी आयुष्यभर हेच करणार, जेवणही कोचामागेच मागवणार.

आणि मग मी मान वर केली आणि बघितलं की सुरापोनदादाची मिशी सुटली आहे.

उजवीकडचं टोक. दिव्यांच्या गरमीने डिंक वितळला होता आणि ती मिशी प्रत्येक शब्दाबरोबर ओठावर दार उघडल्यासारखी उघडत होती. कॅमेरा त्याच्या दिशेने सरकायला लागला होता. आणि मी, जिला एक अक्षरही इकडेतिकडे बोलायचं नव्हतं, पटकन म्हणून गेले, "मिशी सुटतेय, दाबून धर."

सुरापोनदादाने रात्चनीताईचा हात हातात घेतला. तिच्या डोळ्यांत खोल पाहिलं. आणि जगातल्या सगळ्या विरहाचं ओझं आवाजात आणून म्हणाला, "मिशी सुटतेय, दाबून धर."

मावशीने दोन्ही हातांनी तोंड झाकलं. रात्चनीताई वाट बघत होती. तिला नेहमीसारखं पुढचं वाक्य हवं होतं, पण कागदावरचं पुढचं वाक्य सुरापोनदादाचं होतं, "तुझी ही सवय अजून गेली नाही." ते दिलं असतं तर काही खरं नव्हतं. मला एकदम दिसलं की आता कागदावर जाताच येणार नाही, आधी एक पूल बांधावा लागेल. मी म्हणाले, "परदेशातून आणलेली दिसतेय. इथली हवा मानवत नाही तिला."

रात्चनीताईने ते अगदी प्रेमाने म्हटलं आणि अंगठ्याने मिशी दाबली. तशी ती खरंच चिकटली. कॅमेरामन हसत होता, त्याचे खांदे हलत होते, पण चित्र हललं नाही म्हणतात. मग मी कागदावर परत आले. "तुझी ही सवय अजून गेली नाही," सुरापोनदादा म्हणाला. इतकं चपखल बसलं की मी स्वतःच चकित झाले.

पण मग मला आठवलं. एक अक्षर म्हणाले होते मास्तर. मी दोन वाक्यं घालून बसले होते. तावीदादाकडे बघायची हिंमत होईना. गेले माझे रविवार, मला वाटलं, सगळे गेले. आणि वाचत राहिले, कारण दुसरं काय करणार, ते दोघं माझ्या तोंडाकडे कान लावून उभे होते.

सतराव्या मिनिटाला तावीदादा गुडघ्यांवर रांगत माझ्यापाशी आला. मला वाटलं बाहेर काढायला आला. त्याने एक चिठ्ठी पुढे केली. मास्तरांचं अक्षर: "जहाज जातंय, पूल उघडलाय. बुन्चू पलीकडे. लांबव."

मी एका हाताने कागदावर बोट ठेवून वाचत होते, दुसऱ्या हातात चिठ्ठी. तावीदादाच्या कानात पुटपुटले, "किती?"

त्याने खांदे उडवले. जहाज केवढं आहे ते त्याला तरी काय माहीत.

"जाहिरात लावा ना."

"नाटकाआधीच दाखवली. जाहिरातीतला दुधाचा डबाही दिव्यांखाली तापून फुगलाय."

कागदावर वडील यायच्या आधीची तीन वाक्यं उरली होती. ती मी वापरली, शक्य तितक्या सावकाश. मग कागद संपला. म्हणजे पुढे पानं होती, पण सगळी वडिलांसकट. वरती चार पाय स्थिर उभे. दोन माणसं, ज्यांना आपण कोण आहोत हेसुद्धा मी सांगितल्याशिवाय कळत नाही. आणि सगळं शहर बघतंय.

मी कागद पालथा घातला.

"तू तिकडे जेवायचास काय?" मी रात्चनीताईच्या पायांना म्हटलं.

"तू तिकडे जेवायचास काय?"

आता सुरापोनदादाला काय देऊ? मी कधी समुद्रसुद्धा ओलांडलेला नाही. पण माझा मामा दक्षिणेला रबराच्या मळ्यात आठ महिने राहून आला होता आणि परत आल्यावर रोज त्याचंच रडगाणं गायचा. मी मामाच दिला. "बटाटा. सकाळी बटाटा, रात्री बटाटा. एकदा मी माशाच्या चटणीचं स्वप्न पाहिलं आणि उठून रडलो."

सुरापोनदादाने हे म्हणताना एक क्षण थांबून गिळलं. मी सांगितलं नव्हतं. त्याचं त्याने गिळलं. मला वाटतं त्याला भूक लागली होती.

एकदा नळ सुटला तो सुटलाच. रात्चनीताईने विचारलं की तिकडच्या मुली कशा असतात. तो म्हणाला, लांब पावलं टाकतात, वाऱ्याशी भांडल्यासारख्या. ती म्हणाली, मीसुद्धा भांडते वाऱ्याशी, रोज गच्चीवर कपडे वाळत घालताना. मग तिने त्याला सुनावलं की पाच वर्षांत तू मला सहा पत्रं पाठवलीस आणि त्यातली चार हवामानाची होती. हे आमच्या शेजारच्या ताईचं खरं गाऱ्हाणं, भिंतीतून रोज ऐकू येतं. तो म्हणाला, मला दुसरं काही लिहायचं धाडस नव्हतं, म्हणून मी पाऊस लिहायचो. ज्या दिवशी तुझी फार आठवण यायची त्या दिवशी मोठा पाऊस लिहायचो.

हे कुठून आलं देव जाणे. माझ्या तोंडून गेलं आणि माझ्याच मानेवर काटा आला. रात्चनीताई बोललीच नाही. मी तिला वाक्य दिलं होतं, "तिकडे एवढा पाऊस पडतो का," पण तिने ते घेतलं नाही, ती नुसती त्याच्याकडे बघत राहिली आणि मला तिच्या हनुवटीवरून खाली पडलेला थेंब दिसला. मग तिने ते वाक्य घेतलं, अगदी हळू. मी तिला रडायला आधी सांगितलंच नव्हतं.

सगळ्यात मोठी पंचाईत मात्र लग्नाची. लोकांना वाटत होतं आता हा मागणी घालणार. पण त्याने मागणी घातली आणि तिने होकार दिला तर पुढचं पत्राचं नाटक कसं उभं राहणार? आणि नाही म्हणाली तरी मोडलंच. म्हणून दर वेळी तो तोंड उघडायच्या बेतात आला की मी काहीतरी आडवं टाकायची. एकदा दूध उतू गेल्याचा वास आला. एकदा तिच्या लहान भावाने शिडी ढकलून दिली, जो भाऊ नव्हता आणि जी शिडी नव्हती. तिसऱ्यांदा तर सुरापोनदादाच, मी काही न सांगता, म्हणायला लागला, "मला तुला विचारायचंय…" आणि थांबून माझ्याकडे कान केला. नट स्वतः बोलला. मावशीकडे बघितलं तर ती दोन मुठी आवळून उभी, ओठ हलतायत, आवाज नाही. तिने घड्याळ दाखवलं. अठ्ठावीस.

तेवढ्यात सेटचं दार हललं.

बुन्चू काका. तोंडाला रंग नाही, सदऱ्याची बटणं एक सोडून एक लावलेली, आणि एवढी धाप लागलेली की खांबाला धरून उभे. तावीदादाने त्यांना तसंच आत ढकललं होतं. त्यांनी माझ्याकडे पाहिलं. डोळ्यांत तोच प्रश्न: आज मी कोण?

कागदावर त्यांचं पहिलं वाक्य होतं, "मी बागेतून तुमचं सगळं बोलणं ऐकलं." पण बागेत फिरणारा माणूस असा धापा टाकत नाही. मी म्हटलं, "उशीर झाला. पूल उघडा होता."

"उशीर झाला," बुन्चू काका म्हणाले, आणि ते इतकं खरं वाटलं की काय विचारता. "पूल उघडा होता."

मग मी कागद सरळ केला. खिशातलं पत्र बाहेर आलं, आणि शेवटच्या शब्दापर्यंत मी एक मात्राही बदलली नाही.

*

दिवा विझला आणि सगळे एकदम बोलायला लागले. रात्चनीताईने मला कोचामागून ओढून काढलं, माझ्या गालाला तिच्या गालाचा सगळा रंग लागला. बुन्चू काका बर्फाच्या उरलेल्या लादीवर बसले. "कोणतं जहाज होतं ते," ते म्हणत होते, "संपतच नव्हतं. मी त्याला शिव्या देत होतो आणि ते आपलं चाललंय, चाललंय."

मास्तर जिन्यावरून उतरले.

"तू उद्यापासून इथे वाचायचं नाही," ते म्हणाले.

मावशी पुढे झाली. तिने तोंड उघडलं, हवा आली.

"प्रानॉम, मध्ये पडू नकोस. मी सांगितलं होतं, एक अक्षर नाही. हिने काय केलं? पूल उघडला ते मी समजू शकतो. मिशीच्या वेळी कुठला पूल उघडला होता?"

तीन दिवसांपूर्वीची मी असते तर तिथेच रडले असते आणि मावशीच्या पाठीमागे लपले असते. पण माझ्या अंगात अजून ती अकरा मिनिटं धावत होती.

"वाक्य वाईट होतं का?" मी विचारलं.

"प्रश्न तो नाही."

"तोच आहे, मास्तर. वाईट होतं का?"

तावीदादा खोकला. मास्तरांनी कुपी नाकाला लावली. "नव्हतं," ते म्हणाले. "म्हणूनच वाचायचं नाही म्हणतोय. वाचणाऱ्याला सुचायला लागलं की माझं कागदावरचं काही सुरक्षित राहत नाही. मावशीला काही सुचत नाही, म्हणून ती उत्तम वाचते." मावशीने यावर मान डोलावली, तिला ते कौतुकच वाटलं.

मग त्यांनी जे काढलं ते मला आधी कळलंच नाही. टेलिफोन वाजत होता, म्हणाले, अजून वाजतोय. बायका विचारतायत की पावसाची पत्रं परत कधी दाखवणार. महिन्याभराने हेच नाटक परत करायचं ठरतंय. पण थेट गेलेलं गेलं, त्याची कुठे नोंद नाही, आणि त्यांच्याकडच्या कागदावर ती अकरा मिनिटं नाहीत. "सुरापोन, तू काय बोललास सांग."

सुरापोनदादा मिशी सोलत होता. "मी? बटाटा म्हणालो." त्याने आठवून पाहिलं. "आणि पाऊस होता कुठेतरी."

"रात्चनी?"

"मला रडल्याचं आठवतंय, मास्तर."

सगळे माझ्याकडे वळले.

"मला टंकलेखक बाई द्या," मी म्हटलं. "आणि या दोघांना जागेवर उभं करा. मला बसून लिहिता येणार नाही, मला ते पाय समोर हवेत. आणि कागदावर लेखक म्हणून माझं नाव यायला हवं. टोपणनाव नको, पूर्ण नाव."

"पूर्ण नाव काय?"

"चारुनी सुकसावात."

"मोठं आहे," मास्तर म्हणाले, पण त्यांनी तावीला टंकयंत्र आणि टंकलेखक बाईंना आणायला पाठवलं होतं.

दिवे अर्धेच लावले. मी परत कोचामागे पोटावर पडले, वरून टंकयंत्राची खटखट सुरू झाली, तीन कार्बन घातलेली. मी म्हटलं, "तू तिकडे जेवायचास काय?" आणि रात्चनीताईचा आवाज आला, आणि पाठोपाठ खटखट. सगळं जसंच्या तसं येत गेलं, बटाटा, वारा, सहा पत्रं. फक्त दूध उतू जायच्या जागी पोहोचले तेव्हा मला तिथे त्याहून चांगलं काहीतरी दिसलं. मी क्षणभर थांबले. आणि ते घातलं. सुरापोनदादाने ते तितक्याच विश्वासाने म्हटलं, बाईंनी टंकलं, आणि मास्तर, जे तोपर्यंत खांबाला टेकून ऐकत होते, ते खुर्ची ओढून जवळ येऊन बसले.